पाच जण प्रेमात, आणि पटत एकही नाही

एका वाचक-लेखिकेचं पत्र आलं आहे. नोकरी सांभाळून त्या एका ॲपवर मराठीत क्रमशः कादंबरी लिहितात. प्रकार 'व्हिलनेस'चा: ओटोमे गेम (नायिका होऊन अनेक तरुणांपैकी एकाचं प्रेम जिंकायचं असा जपानी धाटणीचा गेम) खेळणारी मुलगी मरते आणि त्याच गेममधली खलनायिका, सरदारकन्या इसाबेल, म्हणून जागी होते. युवराज ज्युलियनशी तिचं लग्न ठरलेलं आहे. गेमची मूळ नायिका मिरेल ही बॅरनच्या घरी दत्तक आलेली, गुलाबी केसांची, तोंडाने गोड आणि आतून कारस्थानी. बाराव्या भागापर्यंत मिरेलने युवराज, प्रधानपुत्र सिरिल, सेनापतीचा मुलगा गॅरेट, जादूगार टोबियास आणि इसाबेलचा दत्तक भाऊ नोएल अशा पाचही जणांना गुंडाळलं. आता बावीस भाग झालेत. वाचक लिहितात, 'पाचही बिनडोक आहेत. असला युवराज गेला तर इसाबेल सुटलीच की.' एका मैत्रिणीचा आक्षेप वेगळा आहे: गरीब घरची मुलगी वर चढू बघते म्हणून तू तिला वाईट चालीची ठरवतेस. लेखिकेचे प्रश्न तीन. मिरेलने मोहिनीविद्या वापरली होती असा शेवटी खुलासा करावा का? तिचं कुणावर तरी खरं प्रेम दाखवलं तर ती खलपात्र उरेल का? आणि शेवटी तिचं करायचं काय?

प्रिय लेखिका,

पत्रात मिरेलबद्दल दोन पानं आहेत आणि पाच पुरुषांना मिळून पाच ओळी. वाचकांची तक्रार तिथूनच येते. कारस्थान पटायचं असेल तर जो फसतो तो आधी पटावा लागतो, आणि फसण्यातून त्याला काय मिळालं ते दिसावं लागतं. तुमची मिरेल हसते, घरी भाजलेल्या कुकीज देते, डोळ्यांत पाणी आणते आणि समोरचा पाघळतो. पाचही जण एकाच कारणाने पाघळतात, म्हणून पाचही एकसारखे भोट दिसतात.

पाचही एकाच वेळी प्रेमात असणं हा या प्रकाराचा नियमच आहे, असं तुम्ही धरून चालला आहात. तो आला कुठून ते बघा. ओटोमे गेममध्ये खेळणारी सहसा एका वेळी एक रूट, म्हणजे एकाच तरुणाची प्रेमकथा, धरते. युवराजाचा संपला की सेव्ह केलेल्या जागी मागे जायचं आणि सिरिलचा सुरू करायचा. पाच प्रेमकथा पाच वेगळ्या फायलींत राहतात, त्यांची आपसात गाठ पडत नाही. कादंबरीत फाईल एकच असते. सोमवारी युवराजासोबत बागेत बसलेली मुलगी मंगळवारी गॅरेटच्या तलवारीला रिबन बांधते, आणि युवराज व गॅरेट बसतात एकाच वर्गात. गेममध्ये जी सोय होती तीच इथे अडचण होते आणि ती सोडवायचं काम लेखिकेवर येतं. (कारस्थानी प्रतिस्पर्धी हा साचाही गेमपेक्षा वेब कादंबऱ्यांनीच जास्त पोसला आहे. १९९४ मध्ये कोएई कंपनीने काढलेला 'अँजेलिक' हा पहिला ओटोमे गेम मानला जातो. त्यातली रोझालिया तोऱ्यात वावरते खरी, पण ती राणीपदाच्या चढाओढीतली प्रतिस्पर्धी आहे, कुणाच्या पाण्यात विष कालवणारी नव्हे.)

तेव्हा आधी मिरेलचा आठवडा कागदावर मांडा. अकादमीत सहा दिवस वर्ग, संध्याकाळी वसतिगृहाचं दार बंद होईपर्यंत रोज दोन तास मोकळे धरले तर हातात बारा तास येतात. पाच जणांत वाटले तर प्रत्येकाला अडीच तासही येत नाहीत, आणि त्यातच तिचा अभ्यास, पत्रं लिहिणं, त्या कुकीज भाजणं. धूर्त मुलगी वेळ असा समान वाटणार नाही. ती एकावर सहा तास घालेल, दुसऱ्यावर तीन, आणि उरलेल्या तिघांना तीन तासांत खेळवत ठेवेल. या हिशोबातून आपोआप कळतं की पाचही जण प्रेमात असायची गरजच नाही. दोघे प्रेमात आणि तिघे पाठीशी, एवढं पुष्कळ झालं.

युवराज हे तिचं लक्ष्य, त्यात वाद नाही. दुसरा प्रेमात पडणारा नोएल ठेवा, कारण इसाबेलच्या घरातली बातमी फक्त त्याच्याकडून मिळते. गॅरेटला वाटतं आपण एका दुबळ्या मुलीचं रक्षण करतोय, आणि घरच्या शिकवणीत त्याला हेच काम दिलेलं आहे. सिरिलसमोर ती रडतच नाही, तक्रारीचे कागद नीट तारखेवार लावून ठेवते. त्याला न्याय करायचा आहे. टोबियासला तिची प्रकाशविद्या अभ्यासायची आहे आणि प्रयोगासाठी ती लागते. या तिघांपैकी कुणीही 'मी तिच्यावर प्रेम करतो' असं म्हणू नये. बघा, मग ते मूर्ख दिसतात का.

युवराजाचा दुबळेपणा तुमच्या भाग ३ मध्ये तुम्हीच लिहून ठेवला आहे आणि पुढे विसरलात. इसाबेल त्याच्यापेक्षा हुशार आहे आणि चारचौघांत त्याची चूक दुरुस्त करते. मिरेलने त्याला करसाऱ्याचा एखादा साधा प्रश्न विचारावा, जो तिला येतो, आणि तो समजावत असताना मध्ये एकदा चुकीचं समजून घ्यावं, म्हणजे त्याला दुरुस्त करायला मिळेल. असे तीन प्रसंग वेगवेगळ्या भागांत, प्रत्येकी दीडशे-दोनशे शब्दांचे, पुरतात. डोळ्यांत पाणी आणायची गरज नाही. नोएलचं दुखणं अधिक खोल आहे. तो दत्तक, तीही दत्तक. 'त्या घरात जेवताना अजूनही पहिला घास घ्यायला परवानगी मागावीशी वाटते का रे?' एवढंच ती विचारते, आणि ते खरं असतं, कारण आठवणी जागण्याआधीच्या इसाबेलने त्याला खरोखरच तसं वागवलं होतं. फसवणुकीच्या पायात सत्याचा एक दगड असला की ती वर्षभर ढळत नाही. नुसत्या खोट्यावर उभी असली की तुमचे वाचक तिसऱ्या भागात बोट ठेवतात.

आता तुमचा जिन्याचा प्रसंग. भाग ११ मध्ये मिरेल पायऱ्यांवर पडते, ओरडते, 'इसाबेलने मला ढकललं!' आणि गॅरेट तलवारीला हात घालतो. हा आरोप सरळ आहे, त्यामुळे कुणीही सरळ तपासू शकतं: इसाबेल त्या वेळी कुठे होती? एका ओळीत सगळं कोसळतं, आणि तसं कुणी विचारत नाही म्हणूनच सगळे बावळट ठरतात. तोच प्रसंग असा लिहून बघा. मिरेल पडते. युवराज धावत येतो. ती म्हणते, 'कुणी ढकललं नाही. मीच पडले. युवराज, शपथ आहे तुम्हाला, इसाबेलताईंना यातलं काही विचारू नका. त्यांना उगाच वाईट वाटेल.' इसाबेलचं नाव कुणी काढलंच नव्हतं. ते तिनेच काढलं, तेही बचावासाठी. आणि 'विचारू नका' या दोन शब्दांनी सत्य कळायची एकमेव वाट बंद झाली. आता युवराजाने चौकशी केली तर त्याची शपथ मोडते, नाही केली तर संशय मनात मुरतो. तो मूर्ख नाही, शब्दाला बांधलेला आहे. उद्या कुणी विचारलंच तर मिरेलच्या तोंडी एकही खोटं वाक्य नाही.

हे प्रत्येक खोट्याच्या बाबतीत करा. वहीत मिरेलची एकेक थाप लिहा आणि शेजारी ती एका प्रश्नात फोडू शकेल अशा माणसाचं नाव. मग तो माणूस प्रश्न का विचारत नाही, ते लिहा. अहंकार, रीतभात, लाज, दिलेला शब्द, पदाचं अंतर: कारण यांपैकी कोणतंही चालेल, पण ते त्या माणसाच्या स्वभावातून आलेलं हवं. 'सुचलंच नाही' हे कारण सबंध कादंबरीत एकदाच वापरता येतं. शिवाय थापेला मुदत द्या. तीन-चार भागांनंतर थापेनेच मिरेलकडे काहीतरी किंमत मागावी: दुसरी थाप, एखादी दासी गप्प करणं, गॅरेटला द्यायचा वेळ कमी पडणं. किंमत वाढत जाते तसा ताण वाढतो, नाहीतर बाविसाव्या भागातली मिरेल आठव्या भागातल्या मिरेलइतकीच निवांत राहते. ती तशीच आहे आत्ता, हेही सांगून टाकतो.

मोहिनीविद्येबद्दल. शेवटी तो खुलासा करू नका. तसं केलंत की पाचही जण निर्दोष सुटतात, भर समारंभात इसाबेलचा अपमान झाला त्याची माफी मागायला कुणी उरत नाही, आणि वाचकाने बावीस भाग धरून ठेवलेला राग ठेवायला जागा राहत नाही. दुसरा तोटा मोठा आहे. दुसऱ्याची इच्छाशक्ती काढून घेणं हा फार गंभीर गुन्हा आहे, म्हणजे आधीचे कुकीजचे हलकेफुलके प्रसंग मागे वळून वाचताना अंगावर येतील. तुम्ही भाग १५ मध्ये तिच्या लॉकेटचा उल्लेख करून ठेवलाय, म्हणून विद्या ठेवावीच लागणार असेल तर ती कथेच्या मध्यावर उघड करा आणि तिला मर्यादा घाला. जे मनात आधीच आहे तेवढंच ती वाढवते, नवं काही पेरत नाही. सात दिवसांत ओसरते. लॉकेट हातात दिल्याशिवाय लागू होत नाही. मग ती ओसरल्यावर प्रत्येकात काय उरतं, तिथे खरी कथा आहे. गॅरेट शरमेने तोंड लपवतो, टोबियास चिडून लॉकेटच तपासायला घेतो, आणि ज्युलियनच्या बाबतीत काहीच बदलत नाही. त्याला विद्या कधी लागलीच नव्हती. इसाबेलने हे ऐकण्यासारखं दुसरं वाईट काही नाही.

दुसरा प्रश्न: खरं प्रेम दाखवलं तर ती खलपात्र उरेल का. उरेल, आणि वजनदार होईल. प्रेम असलं की लबाडी नाही आणि लबाडी असली की प्रेम नाही, ही वाटणी माणसांत चालत नाही. मिरेलला नोएलबद्दल खरंच काही वाटू द्या आणि तरीही तिला त्याची पत्रं चोरून वाचू द्या. ते वाटणं संवादातून सांगू नका, हिशोबातून दाखवा: सहा तास युवराजाचे ठरलेले असताना एका आठवड्यात ती नोएलवर चार तास घालवते, आणि त्या चार तासांत तिने एकही बातमी काढलेली नसते.

याच्या शेजारी इसाबेललाही उभं करा. तिने गेम खेळलेला आहे. नोएलला बदामाची कुकी आवडते हे त्याने न सांगता तिला ठाऊक आहे, आणि त्या माहितीवरच ती त्याचं मन परत जिंकते. तिथे तुमचे वाचक टाळ्या वाजवतात. मिरेल करते ते आणि हे, यांत फरक काय? फरक आहे, पण तो कथेत दिसायला हवा. समोरच्याला खरं कळल्यावर तो 'नाही' म्हणू शकतो का आणि म्हटल्यावर त्याला किंमत मोजावी लागते का, हा एक कस. इसाबेलने कधीतरी नोएलला सांगावं की मला हे आधीच माहीत होतं, आणि त्याला चिडायची मुभा द्यावी. असा एक भाग लिहिलात तर दोघींमधली रेघ तुम्हाला वेगळी समजावून सांगावी लागणार नाही.

मैत्रिणीचा आक्षेप झटकू नका. तुम्ही पाठवलेल्या उताऱ्यात निवेदकाने मिरेलला दोनदा 'बाजारू' म्हटलंय. गॅरेटच्या मागे तीन मुली असत्या तर त्याला कोणता शब्द वापरला असता? किती पुरुष, हा तिचा गुन्हा नाही. खोटी तक्रार, फोडलेली पत्रं, आणि भाग १४ मध्ये एका वाक्यात उरकलेली ती दासी, जिला शिफारसपत्र न देता कामावरून काढलं गेलं आणि आता दुसऱ्या कुठल्याही वाड्यात काम मिळणार नाही: हे तिचे गुन्हे. त्या दासीला नाव द्या आणि एक सबंध प्रसंग द्या. वाचकांची मिरेलवरची चीड खऱ्या जागी जाईल.

वर चढू बघणाऱ्या मुलीचं चित्र नीट कसं काढता येतं यासाठी कोरियन लेखिका अल्फाटार्ट यांची 'द रीमॅरिड एम्प्रेस' वाचा. त्यातली राश्ता ही पळून आलेली गुलाम मुलगी सम्राट सोविएशूची रखेल होते, सम्राज्ञी नेव्हिएला घटस्फोट मिळतो आणि राश्ता सम्राज्ञी होते. ती लबाड्या करते, निरपराध माणसांना त्रास देते, त्यात शंका नाही. पण सोविएशूने मनात तिला एक वर्षापुरतीच सम्राज्ञी करायचं ठरवलेलं असतं, मूल औरस ठरावं म्हणून. तिचा जुना मालक तिला धमकावून पैसे उकळत असतो. डाव टाकणारीच दुसऱ्यांच्या डावातली सोंगटी असते, आणि तिच्यापेक्षा कितीतरी ताकदवान असलेल्या पुरुषांच्या निर्णयाचा दोषही तिच्याच माथी बसतो. तुमच्या बॅरनने मिरेलला दत्तक का घेतली, याचं उत्तर बावीस भागांत आलेलं नाही. कर्ज फेडायला घेतली असेल तर युवराज मिळवणं ही तिची हाव उरत नाही, घरून दिलेलं काम होतं. तरी पत्रं चोरण्याचा दोष तिचाच राहतो.

ठरलेलं लग्न मोडण्याचा मोठा प्रसंग तुम्ही पदवीदान समारंभात ठेवणार आहात, तिथे एक व्यावहारिक गोष्ट सांभाळा. सरदारघराण्यातलं ठरलेलं लग्न हा दोन घराण्यांमधला करार असतो. तो मोडायचा अधिकार युवराजाला एकट्याला नसतो. ब्रिटनमध्ये १७७२ च्या कायद्याने राजघराण्यातल्या व्यक्तीला लग्नासाठी राजाची संमती बंधनकारक केली होती, आणि संमती नसेल तर लग्नच रद्दबातल. तुमच्या राज्यात असाच काही नियम भाग २५ पर्यंत सिरिलच्या तोंडी सहज येऊ द्या. मग समारंभात ज्युलियन गर्जना करतो तेव्हा वाचकाला आधीच कळलेलं असतं की त्याने स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतलाय, आणि इसाबेलला पुराव्यांची लांबलचक जंत्री वाचत बसावं लागत नाही. ती तशी वाचू लागली की या प्रकारातला कुठलाही समारंभ कंटाळवाणा होतो. दोन पुरावे, एक साक्षीदार, बास. साक्षीदार ती दासी असावी.

आता मिरेलचं काय करायचं. फाशी, मठ, सीमेबाहेर हाकलणं, हे सगळं वाचकांनी शंभरदा वाचलंय. मी म्हणेन, तिला हवं ते द्या. १९०० मध्ये ऑस्ट्रियाचा युवराज फ्रान्झ फर्डिनांड याने सोफी शोटेकशी लग्न केलं, ते मुलांचा गादीवरचा हक्क सोडल्याची शपथ घेऊनच. दरबारात सोफीला नवऱ्याच्या शेजारी मान मिळत नसे, राजघराण्यातल्या सगळ्या बायकांच्या मागे चालावं लागे. ज्युलियनचं वारसपद धाकट्या भावाकडे जावं आणि मिरेलशी लग्न करायची परवानगी मात्र मिळावी. राजपुत्र हाती आला, राज्य गेलं. योमू मिशिमा यांच्या 'ट्रॅप्ड इन अ डेटिंग सिम' मालिकेत मारी पाच बड्या घरच्या मुलांना पटवते, त्यांचे वारसाहक्क जातात आणि ती पाचही कमाई न येणारी मुलं तिच्याच गळ्यात पडतात. तिथे तो विनोद आहे, पण हिशोब तोच. तुमच्याकडे दोघंच आहेत: एका खोलीत काटकसर न जमणारा ज्युलियन, आणि टेबलावर नोएलला लिहिलेलं, न उघडता परत आलेलं पत्र.

छापून झालेल्या भागांना हात लावू नका, वर सांगितलेलं पुढच्या भागांत आणा. ज्यांनी ते वाचलेत ते पुन्हा वाचणार नाहीत आणि बदल कळला की नाराज होतील. फक्त 'बाजारू' दोन ठिकाणचं काढा. भाग २३ नोएलच्या नजरेतून लिहा, हजारेक शब्दांत, आणि त्यात भाग ९ मधलीच बागेतली भेट पुन्हा येऊ द्या, या वेळी त्याला काय ऐकू आलं ते. भाग २४ मध्ये गॅरेट आणि सिरिल पहिल्यांदाच दोघंच बोलतात आणि तारखा जुळत नाहीत हे सिरिलच्या लक्षात येतं. तोवर मोहिनीविद्येची मर्यादा ठरवून ठेवा, कारण 'फाशी द्या' लिहिणारे वाचक त्याच भागाखाली लॉकेटबद्दल विचारणार आहेत. त्यांना उत्तर देऊ नका, पुढच्या भागाची तारीख तेवढी द्या.